स्पॅनिशची संथा

कुंभकोणम्
९ जून १९५७

वेणू,

आशीर्वाद आधी देऊन ठेवते, कारण पुढे रागवायचे आहे.

दोन वर्षांनी तुझे पत्र आले, तेही घरच्या पत्त्यावर नाही, माझ्या जुन्या शाळेच्या. मी निवृत्त झाले हे तुला ठाऊक आहे. शाळेच्या शिपायाला पत्र घेऊन उन्हातून चालत यावे लागले. आत्याला पत्र लिहायला चोरवाट लागत नाही. यापुढे घरी लिही. तुझे अप्पा तुझी पत्रे फाडत नाहीत. फक्त वाचत नाहीत.

तू विचारलेस त्याचे सरळ उत्तर देते. जानेवारीत तू आणि तुझी बायको ओतिलिया तीन आठवड्यांसाठी येणार. नंतर तू मेक्सिकोतल्या गव्हाच्या संशोधन केंद्रात कायमची नोकरी धरणार, आणि पुन्हा कधी येणे होईल ते सांगता येत नाही. तिला घरात घेणार नसतील तर तू मद्रासहूनच परत फिरणार, कुंभकोणमला पाऊल ठेवणार नाहीस. हे सगळे मी अप्पांना जेवण झाल्यावर सांगितले. उपाशी माणसाशी मी महत्त्वाचे बोलत नाही.

ते सुपारी कातरत होते. त्यांचे बोलणे त्यांच्याच शब्दांत लिहिते, म्हणजे तुला ऐकू येईल.

"त्याने यावे. घर त्याचे आहे. ती छत्रात राहील."

"छत्रात? यात्रेकरू उतरतात तिथे? सून?"

"अक्का, मी तिजला सून म्हटले नाही."

"मी म्हटले," मी म्हणाले, आणि ताटे उचलली.

आजच्या घडीला उत्तर हे असे आहे. गोड करून सांगणे तुझ्या आईला जमले असते. ती नाही, मी आहे.

आता दुसरे. ओतिलिया तिथल्या परदेशी संशोधकांना स्पॅनिश शिकवते, हे वाचून बरे वाटले. घरात आणखी एक मास्तरीण. पण तुझ्या पत्राखाली तिने चार ओळी तिच्या भाषेत लिहिल्या आणि तू खाली लिहिलेस, 'हे फक्त तुझ्यासाठी आहे, मी वाचलेले नाही.' शिस्त म्हणून हे चांगले. माझ्या दृष्टीने अडचणीचे. ज्या पत्राचा अर्थ लागत नाही ते पत्र घरात ठेवायची मला सवय नाही. गेल्या आठवड्यात डोळे दाखवायला मद्रासला गेले होते, तिथे जुन्या पुस्तकांच्या बाजारात इंग्रजीतून लिहिलेले स्पॅनिश व्याकरण मिळाले. सुरुवातीची काही पाने वाळवीने खाल्ली आहेत, पुस्तक एकदम पहिल्या धड्यापासूनच सुरू होते. चालेल. मुलींना संस्कृत शिकवण्यात माझा जन्म गेला. क्रियापदांना मी भीत नाही.

'आशीर्वाद' या शब्दातली 'शी' दीर्घ असते. तू दोनदा चुकलास.

तुझी
वेदवतीआत्या


कुंभकोणम्
१४ जुलै १९५७

वेणू,

तुझे पत्र घरच्या पत्त्यावर आले. पोस्टमनने ते अप्पांच्याच हाती दिले. त्यांनी ते माझ्या चष्म्याखाली ठेवले आणि वर चष्मा नीट बसवला, उडू नये म्हणून. एवढेच कळवते, त्यातून काही काढू नकोस.

तू विचारतोस, साठाव्या वर्षी हा त्रास कशाला? त्रास नाही. सकाळी मला काम लागते. शाळा होती तेव्हा शाळा होती.

माझी पद्धत तुला माहीत आहे. डोळ्यांनी वाचलेले आपले होत नाही, तोंडाने म्हटलेले होते. पहाटे विहीर ते तुळस, तुळस ते विहीर अशी फिरत रूपे म्हणते. क्रियापदांच्या शेपट्या तीन प्रकारच्या. शेपटी कापायची, आणि मी, तू, तो, आम्ही, तुम्ही, ते अशी ज्याची त्याची नवी शेपटी जोडायची. हाब्लार म्हणजे बोलणे. हाब्लो, हाब्लास, हाब्ला. हाब्लामोस, हाब्लाइस, हाब्लान. इंग्रजांनी असल्या शेपट्या वाटेत सांडून टाकल्या. या लोकांनी जपल्या. मला हे लोक आवडले.

शेजारच्या कामाक्षीमामी कुंपणाशी येऊन उभ्या राहिल्या. "टीचरम्मा, हे स्तोत्र कोणत्या देवाचे?"

"देवाचे नाही, मामी. व्याकरण आहे."

"सरी, सरी, असेल. पण व्याकरण कोणत्या देवाचे?"

मी म्हटले, "भाषेचे म्हणा." त्यांनी सरस्वती धरली. दुसऱ्या दिवशी नातीच्या परीक्षेसाठी माझ्याकडे जाईची फुले पाठवली. मी ती देवाला वाहिली आणि नातीला गणित करायला बोलावले.

अप्पांचे म्हणशील तर पहिल्या दिवशीच ते खिडकीत आले. "अक्का, पहाटे हे काय आरंभिलेस?"

"मेक्सिकोचे."

त्यांनी खिडकी लावून घेतली. पण या उकाड्यात खिडकी किती दिवस लावून बसणार? पुन्हा उघडली. मी माझे म्हणत राहिले.

काल गंमत झाली. त्राबाजार म्हणजे काम करणे. त्राबाजो, त्राबाजास, त्राबाजा, त्राबाजामोस, आणि पुढचे आठवेना. मागे वळले, पुन्हा पहिल्यापासून म्हटले, पुन्हा तिथेच अडले. आतून आवाज आला:

"त्राबाजाइस!"

मी खिडकीशी गेले. तुझे अप्पा पाठमोरे बसून जानवे नीट करत होते.

"काय म्हणालास, वादिराजा?"

"मी? काही नाही. तिथे 'आइस' येते, इतकेच. महिनाभर ऐकतो आहे. एक ओळ दोन वेळा मोडलीस. ऐकणाऱ्याने करावे काय?"

तू तुझ्या वडिलांना ओळखतोस. जन्मभर वेदपाठशाळेत संथा दिली. गुरूने म्हणायचे, शिष्याने ऐकून म्हणायचे, पुस्तक नाही, पाटी नाही. कानावर पडलेले त्यांच्यापासून जात नाही, आणि अर्धी तुटलेली ओळ त्यांना सोसवत नाही. त्यांनी तुझे नाव घेतलेले नाही. पण मेक्सिकोचे क्रियापद त्यांनी पुरे केले. हे मी तुला कळवते.

आत्या


कुंभकोणम्
२५ ऑगस्ट १९५७

वेणू,

मी चुकते, ते सुधारतात, असे रोज चालले आहे. खरे सांगायचे तर मी थोडे मुद्दाम चुकायला लागले होते. परवा पकडली गेले.

"अक्का, काल हेच नीट म्हटलेस. आज विसरलीस?"

"वय झाले."

"वय झालेली माणसे रोज वेगळ्या जागी विसरतात. तू बरोबर माझ्या खिडकीखाली विसरतेस."

तेव्हापासून मी चुकत नाही आणि ते आतून माझ्याबरोबर म्हणतात. दोघांपैकी कोणीही त्याबद्दल बोलत नाही.

आता ओतिलियाच्या ओळी. मला त्यांचा इतके दिवस अर्थ लागत नव्हता, कारण तिने वापरलेली रूपे पहिल्या धड्यांत नव्हतीच. ती पुस्तकाच्या शेवटच्या भागात निघाली. क्रियापदाची आणखी एक तऱ्हा आहे. घडते आहे ते सांगायला एक तऱ्हा. घडावे असे वाटते, घडेल की नाही याची धास्ती आहे, घडो म्हणून विनवायचे आहे, त्याला दुसरी. शेपटी बदलते. हाब्लाचे हाब्ले होते. बोलणाऱ्याच्या हातात जे नाही ते सगळे या दुसऱ्या तऱ्हेत जाते.

तिने लिहिले आहे: मी तुम्हांला आवडावे असे मला वाटते. न आवडण्याची भीती वाटते. वेणूने तुम्हांला माझ्यामुळे गमावू नये.

त्या दिवशी मी पुढचा धडा घेतला नाही.

सोबत तिच्यासाठी वेगळा कागद आहे. चार ओळीच आहेत, चुका असतील. तू वाचू नकोस.

ही नवी रूपे म्हणू लागले तेव्हा अप्पा पहिल्यांदा खिडकी सोडून मागच्या पायरीपर्यंत आले. "हे कोणते?"

मी सांगितले. "आपल्या 'यावे', 'करावे'सारखे."

ते पायरीवर बसले. "नव्हे. हा लेट् आहे."

तू हे कॉलेजात शिकला नाहीस म्हणून लिहिते. संस्कृत क्रियापदाचे हे एक रूप फक्त वेदात उरले आहे. पुढे लोकांनी टाकले, पंडितांनीही टाकले. इच्छा, शंका, प्रार्थना हेच त्याचे काम. अप्पांना ते ऋचांमधून येते, दुसरीकडे कुठे ते त्यांनी ऐकलेले नाही.

"तिकडे हे ग्रंथात आहे काय?" त्यांनी विचारले.

"ग्रंथात आणि बोलण्यात. सगळे बोलतात."

"सगळे म्हणजे कोण? पंडित?"

"सगळे. बायका, पोरे."

"बाजारात वांगी घेतानासुद्धा?"

"वांगी घेतानासुद्धा."

त्यांनी तुळशीकडे पाहिले. मग म्हणाले, "आणि आम्ही तिजला म्लेंच्छ म्हणतो."

मी लगेच छत्राचा विषय काढला. तिथे मात्र ते उठले. "भाषा निराळी, चूल निराळी," म्हणाले आणि आत गेले. म्हणून तू अजून आनंदू नकोस. मीही आनंदलेले नाही. फक्त त्यांनी विचारले, तिकडच्या गव्हावर तांबेरा पडतो काय? मी म्हटले, तो घालवायलाच वेणू गेला आहे. "उन्हात उभा राहत असेल," असे म्हणाले. गव्हाबद्दल म्हणाले की कोणाबद्दल, ते मी विचारले नाही.

आत्या


कुंभकोणम्
६ ऑक्टोबर १९५७

वेणू,

तुझ्या पत्राने घरात आग लावली. दोष तुझा नाही, वाळवीचा.

'आत्या, तू पत्रात हाब्लार लिहितेस, पण तो ह लिहायचा असतो, म्हणायचा नसतो. आब्लार म्हण. त्राबाजारमधला ज हा ज नाही, घशातून ख सारखा काढायचा. आणि ते आइसचे रूप मेक्सिकोत कोणी वापरत नाही, ते स्पेनमध्ये.' बरे केलेस, लिहिलेस. उच्चाराची पाने किड्यांच्या पोटात गेलेली, मी सगळे इंग्रजीच्या आणि माझ्या अक्कलहुशारीने म्हणत होते. मला लाज वाटली नाही. शिकताना चुकतेच. लाज वाटली अप्पांना.

"कोणी सांगितले हे?"

"वेणूने."

"म्हणजे इतके महिने जो 'ह' म्हटला तो—"

"नव्हताच."

त्यांनी अडकित्ता खाली ठेवला. "अक्का, चुकीची संथा दिलीस मजला."

"मी कुठे दिली? तू खिडकीतून चोरून ऐकलीस."

"कानांस झाकण असते काय? कानांत गेले ते बसले. आता काढू कैसे?"

'आइस'चे सांगितले तेव्हा मात्र ते डगमगले नाहीत. "वापरोत न वापरोत, पाठात आहे ते पाठात राहील. लेट् तरी आपण कोठे वापरतो?" पण उच्चाराने त्यांचा जीव खाल्ला. पाठशाळेत एखाद्याचा स्वर चुकून बसला तर ते त्या मुलाला महिनाभर ती ऋचा म्हणू देत नसत. आधी विसर, मग शिक. आता तीच शिक्षा त्यांनी स्वतःला दिली. पहाटे आतून आवाज नाही. जेवताना बोलणे नाही. कामाक्षीमामी विचारून गेल्या, सामींना बरे नाही काय? मी म्हटले, घसा बसला आहे.

काल संध्याकाळी दाराबाहेरच्या ओट्यावर, तिण्णैवर, बसलो होतो. तेच बोलले.

"हे सुधारणार कैसे?"

"वेणूने प्रत्येक अक्षराखाली खूण करून पाठवले आहे. वाचून दाखवते."

"कागदास तोंड आहे काय? गुरुमुखातून आले नाही ते आलेच नाही. तू पुस्तकातून काढलेस, मी तुझ्याकडून घेतले, दोघेही खड्ड्यात."

"मग वेणू आला की त्याच्याकडून घे."

"त्यास कोणी दिले?"

"ओतिलियाने."

 रस्त्यावरून नीराजनाची वेळ झाली म्हणून माणसे देवळाकडे निघाली होती. मी सहसा संधी सोडत नाही.

"वादिराजा, तुझे गुरू आपल्याकडे यायचे तेव्हा कुठे उतरायचे?"

"अक्का, तू वकील व्हायचीस."

"कुठे उतरायचे?"

"माडीवर."

"छत्रात नाही?"

"वेदाची गोष्ट निराळी!" ते ओरडले. "ही लौकिक विद्या."

"बरे. लौकिक विद्येचा गुरू कुठे उतरवतात? तिण्णैवर? गोठ्यात? तू जिच्याकडून संथा घेणार तिला यात्रेकरूंच्या गर्दीत पाठवणार आणि रोज सकाळी तिच्या दाराशी जाऊन बसणार? का तिने यायचे आणि पायरीखाली उभे राहून तुला शिकवायचे?"

ते उठले, खांद्यावर पंचा टाकला आणि कावेरीवर स्नानाला गेले. त्यांचे सायंस्नान आधीच झाले होते.

म्हणून अजून उत्तर नाही. पण बोटीची जागा सोडू नकोस. सोडली असशील तर परत धर.

आत्या


कुंभकोणम्
१७ नोव्हेंबर १९५७

वेणू,

माडीला चुना लावला. हे उत्तर आहे, पण तेवढेच नाही, म्हणून शेवटपर्यंत वाच.

त्या संध्याकाळनंतर अप्पा आठवडाभर आजोबांच्या गोष्टी सांगत होते. मला वाटले, विषय टाळतात. ते विषय टाळत नव्हते, दाखला शोधत होते. आमचे आजोबा तंजावरच्या दरबारात लेखनिक होते. त्यांना फारसी शिकणे भाग पडले तेव्हा त्यांनी मुनशीला घरी ठेवून घेतले होते. मुनशी मुसलमान. त्याला माडी दिली, त्याचे जेवण निराळे शिजवले, आणि आजोबा रोज धडा झाला की त्याला वर पोचवून येत. हे आम्ही लहानपणी शंभरदा ऐकले होते, मुनशीच्या अत्तराची गोष्ट म्हणून. अप्पांना त्यातली माडी आता आठवली.

"घरात पूर्वी घडले आहे," ते म्हणाले. "नवे काही होत नाही." आणि चुना लावणाऱ्याला बोलावले.

आता अटी. माडी तुम्हां दोघांची. तिने स्वयंपाकघरात आणि देवघरात यायचे नाही. अप्पा सोवळ्यात असताना समोर यायचे नाही. जेवायला ती माझ्याबरोबर मधल्या घरात बसेल, त्यांच्या पंगतीला नाही. मी या प्रत्येकावर भांडले. पंगतीवर जवळजवळ जिंकले होते, देवघरावर साफ हरले. हे ओतिलियाला आत्ताच सांग, तिच्या भाषेत, काही न झाकता. दारात आल्यावर कळू नये. ती नको म्हणाली तर मी तिला दोष देणार नाही, आणि तूही देऊ नकोस. तिचाही मान आहे.

तिच्यासाठी अप्पांनी मला विचारून ठेवायला सांगितले आहे: ती सकाळी किती वाजता शिकवते? काय खाते? गुरूला चटई चालेल की खुर्ची लागते? खुर्ची आपल्याकडे नाही. ती माझ्या जुन्या शाळेतून मागवता येईल, असे तेच म्हणाले.

पहाटे मी एकटी आब्लो, आब्लास म्हणते. ते तोंड उघडत नाहीत. आता चुकीचे आणखी घट्ट होऊ नये म्हणून थांबले आहेत. 'ती आली की' असे म्हणतात. सूनही म्हणत नाहीत, नावही घेत नाहीत. 'ती आली की.'

तुम्ही यावे असे मला वाटते. मी हे तुला सांगते आहे, हुकूम करत नाही. दोघे मिळून ठरवा आणि तार करा.

आत्या


कुंभकोणम्
२९ डिसेंबर १९५७

वेणू,

तार मिळाली. हे पत्र मुंबईला बोटीच्या कचेरीत मिळेल, असे धरून लिहिते.

ओतिलियाचे वेगळे पत्रही मिळाले. तिने प्रत्येक अटीला उत्तर दिले आहे. चटई चालेल. सकाळी सात. तिखट खाते, आपल्याहून जास्त. देवघराबाहेर बसून फुले निवडली तर चालेल काय, असे विचारले आहे. मी अप्पांना वाचून दाखवले. "बाहेर बसून कोणी फुले निवडावी हे शास्त्रात कोठेही मना नाही," म्हणाले. म्हणजे चालेल.

आज सकाळी अप्पा न सांगता बाहेर गेले. उन्हे डोक्यावर आली तरी पत्ता नाही. मी जेवण झाकून तिण्णैवर बसले. आले ते धुळीने भरलेले.

"होतास कुठे?"

"स्टेशनावर."

"आज? ते यायला अजून दहा दिवस आहेत."

"गाडी पाहावयास गेलो होतो. मद्रासची गाडी येथे फार थांबत नाही, अक्का. स्टेशनमास्तरास विचारले. माणसे उतरली न उतरली तोच गार्ड शिट्टी देतो. आणि फलाट खोल आहे, डब्याची पायरी उंच. परक्या मुलखातली बाई, तिजला अंदाज नसणार." पायांवर पाणी घेत ते पुढे म्हणाले, "वेणूच्या हाती पेट्या असतील. पेट्या मी उतरवीन. त्याने तिजला हाताला धरावे."

"चार माणसांत?"

"चार माणसांत. पडली तर काय करावे?"

तेव्हा गाडी आली की दारापाशी उभे राहा आणि पेट्यांची काळजी करू नका. घाई करायची नाही. शिट्टी झाली तरी सावकाश उतरा. खाली अप्पा असतील, आणि माझ्या अंदाजाने स्टेशनमास्तरला त्यांनी आजच पुरते घाबरवून ठेवले आहे.

आत्या